साठांपैकी तीन

नानिनेल्ला खानावळीत राबते आणि बाप तिची कमाई दारूत उडवतो. तिचा जीव तोरेवर जडलाय. कार्लुच्चोचा डोळा तिच्यावर आहे आणि बाप कार्लुच्चोला फितलेला आहे. एका झटापटीत बाप मरतो, आळ तोरेवर येतो, त्याला तुरुंगात टाकतात. खरं काय घडलं ते कार्लुच्चोच्या तोंडून काढून घ्यायचं म्हणून ही पोरगी त्याच्याशीच लग्नाला उभी राहते आणि शेवटी त्याच्याच हातून मरते. १९२२ सालच्या ‘आ सान्तानोत्ते’ या इटालियन मूकपटाची ही गोष्ट.

गोष्ट ठोकळेबाज वाटेल, पण पडदा तसा नाही. नेपल्सच्या अरुंद दगडी गल्ल्या, गॅलरीतून गॅलरीत बोलणाऱ्या बाया, दोरीवरचे ओले कपडे, खरं ऊन. स्टुडिओत उभारलेलं शहर हे नव्हे. कॅमेरा गल्लीत नेऊन लावलाय आणि गल्ली त्याच्याकडे टक लावून बघतेय. नानिनेल्ला झालेली रोझे आंजोने इतकी ताठ मानेनं मार खाते की तिच्या सोसण्यातही हार मानल्याची खूण दिसत नाही. मी हा चित्रपट दोनदा पाहिला आणि दोन्ही वेळा लक्षात राहिली ती तिची मान.

हा चित्रपट केला एल्विरा नोतारी यांनी. इटलीतल्या त्या पहिल्या स्त्री दिग्दर्शक. १९०६ ते १९३० या काळात त्यांनी सुमारे साठ कथापट आणि शंभराहून अधिक लघुपट केले. त्यांतले जवळपास अख्खे म्हणता येतील असे कथापट आज तीनच आहेत: ‘आ सान्तानोत्ते’, त्याच वर्षीचा ‘ए पिच्चेरेल्ला’ आणि १९२७ चा ‘फान्तासीया ए सुर्दातो’. बाकीचं काळाच्या ओघात गेलं, असं सांगितलं जातं. हे उत्तर मला पुरेसं वाटत नाही. त्या काळी वापरात असलेली नायट्रेटची फिल्म जळते, कुजते, तिच्यातल्या चांदीसाठी वितळवली जाते, हे सगळं खरं आहे आणि जगभर घडलेलं आहे. अमेरिकेतल्या लायब्ररी ऑफ काँग्रेसनं २०१३ मध्ये मोजदाद केली तेव्हा तिथले जेमतेम १४ टक्के मूक कथापट मूळ ३५ मिलिमीटरच्या रूपात पूर्ण सापडले. पण साठांत तीन म्हणजे पाच टक्के. नाश सगळीकडे झाला, सारखा मात्र झाला नाही. काही चित्रपटांच्या डब्यांवर कुणाचं तरी लक्ष होतं आणि काहींच्या डब्यांवर कुणाचंच नव्हतं. कुणाच्या डब्यांकडे लक्ष द्यायचं हे माणसंच ठरवतात. म्हणून या गोष्टीकडे मी हळहळ व्यक्त करून सोडून देण्याचा विषय म्हणून बघत नाही. हा सार्वजनिक धोरणाचा प्रश्न आहे आणि तो आजही खुला आहे.

एल्विरा कोदा यांचा जन्म १० फेब्रुवारी १८७५ रोजी सालेर्नोचा. नेपल्सला आल्यावर त्या बायकांच्या टोप्या बनवण्याचं काम करत. १९०२ मध्ये निकोला नोतारीशी लग्न झालं. तो फोटोंवर हातानं रंग चढवणारा कारागीर. नवराबायको दोघं दुसऱ्यांच्या फिल्मच्या पट्ट्याही चौकट चौकट करून रंगवू लागले आणि तिथून स्वतःची छोटी चित्रं काढण्याकडे वळले. सुरुवातीला खेळ सुरू होताना प्रेक्षकांचं स्वागत करणारी आणि संपल्यावर निरोप देणारी चिमुकली चित्रं, मग शहरातल्या घडामोडी, मग कथा. कंपनीला लेकीचं नाव दिलं: दोरा फिल्म. मुलगा एदोआर्दो लहानपणापासून पडद्यावर ‘जेन्नारिएल्लो’ म्हणून यायचा आणि प्रेक्षकांसमोरच मोठा झाला. निकोला कॅमेरा सांभाळायचा. कथा, पटकथा, दिग्दर्शन एल्विरांचं. नट घडवण्याची शाळाही त्यांनी चालवली आणि हातवारे, उसासे, बुबुळं फिरवणं असला त्या काळचा भडक अभिनय त्या पोरांकडून मोडून काढत.

हे सारं बघायला मिळायचं तेही न्यारंच. बहुतेक चित्रपट नापोलितानोतल्या, म्हणजे नेपल्सच्या भाषेतल्या, एखाद्या गाजलेल्या गाण्यावरून केलेले असत. पडद्याशेजारी गायक उभा राहायचा, वाद्यवृंद असायचा आणि पडद्यावरच्या ओठांशी जुळवून गाणं व्हायचं. आपल्याकडे मूकपटाच्या पडद्याखाली पेटी-तबला वाजे, त्याच्यापुढचं हे पाऊल. गाणं प्रेक्षकांना आधीच पाठ. फिल्म हातानं रंगवलेली. त्यामुळे या चित्रपटांना मूकपट म्हणणं आणि कृष्णधवल म्हणणं दोन्ही चूक आहे. आज उरलेली रिळं पाहताना आपण त्या कलाकृतीचा अर्धाच भाग पाहत असतो. तिचा आवाज तर केव्हाच गेला.

आता मूळ मुद्द्याकडे येतो. या चित्रपटांची भाषा नापोलितानो होती. पडद्यावरच्या पाट्यांतही ती असे, आणि जिथे इटालियन असे तिथेही ती गल्लीत बोलतात तशी, व्याकरणाला धक्के देत चालणारी. आज कुणाला वाटेल की ही एका प्रांताची बोली, तिचं एवढं काय? पण १८६१ मध्ये इटली एक झाली त्या वेळी इटालियन भाषा वापरू शकणारे लोक शंभरांत अडीच होते, असा भाषातज्ज्ञ तुल्लिओ दे माउरो यांचा अंदाज आहे. बाकीचा देश आपापल्या भाषा बोलत होता. नेपल्स तर तोवर एका वेगळ्या राज्याची राजधानी. युरोपात छापील रूपात आलेल्या सिंड्रेलाच्या सगळ्यांत जुन्या कथांपैकी एक सतराव्या शतकातली, आणि ती नापोलितानोत लिहिलेली. म्हणजे ज्या भाषेत ग्रंथ होते, नाटकं होती, हजारो गाणी होती, तिला एकीकरणानंतर ‘बोली’ हे नाव मिळालं. नाव बदललं की दर्जा बदलतो. पुढे कुणाचं जतन करायचं आणि कुणाचं नाही, हे त्या दर्जावरून ठरतं.

त्याच काळात उत्तरेत, तोरिनोला, ज्योव्हान्नी पास्त्रोनेनं ‘काबिरिया’ (१९१४) उभा केला होता. रोम आणि कार्थेजचं युद्ध, हत्ती, ज्वालामुखी, प्रचंड देवळं. पाट्यांना कवी दान्नुन्झिओचं नाव जोडलेलं, त्याची अलंकारिक इटालियन. लिबियावर इटलीनं ताबा मिळवून फार दिवस झाले नव्हते, आणि आफ्रिकेत जिंकणारा रोम पडद्यावर पाहायला देश उत्सुक होता. ‘काबिरिया’ थोर चित्रपट आहे. फिरता कॅमेरा त्यानं ज्या प्रकारे वापरला त्यानं जगाला शिकवलं. तो जपला गेला याचा मला आनंदच आहे. पण इटालियन मूकपटांचा इतिहास म्हणजे तोरिनो आणि रोमचे हे भव्य देखावे, आणि नेपल्स म्हणजे तळटीप, अशी जी मांडणी रूढ झाली ती त्या चित्रपटांच्या गुणवत्तेवरून झालेली नाही. देशाला आपलं कोणतं रूप आरशात बघायचं होतं, त्यावरून ती झाली.

इटलीत चित्रपटांची सरकारी पूर्वपरीक्षा १९१३ च्या कायद्यानं सुरू झाली होती. मुसोलिनीच्या राजवटीत तिला धार आली. नोतारींच्या चित्रपटांवर दोन आक्षेप असत. पहिला भाषेवर: पाट्या नीट इटालियनमध्ये लिहा. दुसरा दृश्यांवर: हे दारिद्र्य, हे गुन्हे, या वेड्या झालेल्या बाया कशाला दाखवता? १९२८ च्या सुमारास सेन्सॉरला सूचना गेल्या की नेपल्स म्हणजे रस्त्यावरचे गवई, भिकारी, उनाड पोरं, घाणेरड्या गल्ल्या आणि चिंध्या, असं दाखवणाऱ्या चित्रपटांना वाट देऊ नये. ही देशाची आणि त्या शहराची बदनामी आहे.

या आक्षेपाला मी उडवून लावणार नाही, कारण त्यात एक खरी वेदना आहे. बाहेरून येऊन आपल्या गरिबीचे फोटो काढून नेणाऱ्यांचा राग कुणालाही येतो. नेपल्सच्या सुशिक्षितांनाही मँडोलिन आणि चिंध्यांच्या त्या ठरावीक चित्राचा कंटाळा आला होता. पण चित्र कोण काढतंय आणि कुणासाठी काढतंय हे विचारल्याशिवाय त्या रागाला न्याय मिळत नाही. नोतारी त्याच शहरात राहत होत्या. त्यांचे नट त्याच गल्ल्यांतले होते आणि तिकीट काढून बसणारे प्रेक्षकही तिथलेच. हे प्रेक्षक पडद्यावर स्वतःची दया यावी म्हणून येत नव्हते. आपलं दार, आपली शिवी, आपलं गाणं, आपल्या घरात घडलेला अन्याय एवढ्या मोठ्या आकारात दिसतो म्हणून ते येत होते. बदनामीची तक्रार त्यांनी केलेली नव्हती. ती वरून आली होती, त्यांच्या नावानं.

आणि बायांचं काय? नोतारींच्या चित्रपटांतल्या बाया हट्टी आहेत, इच्छा बाळगणाऱ्या आहेत, बापाशी आणि प्रियकराशी भांडणाऱ्या आहेत. त्यांना शिक्षा होते, बहुतेकदा मरणाची. पण चित्रपट त्यांच्या बाजूनं उभा असतो. नानिनेल्लाचं मरण बघणाऱ्याला कार्लुच्चोचा आणि तिच्या बापाचा संताप येतो, तिचा नाही. घर, आई आणि राष्ट्र यांची एकच आरती गाणाऱ्या राजवटीला हे झोंबणारच.

मग एक गोष्ट अशी आहे जी प्रत्येक मराठी माणसानं नोतारींच्या गोष्टीशेजारी ठेवून बघावी. १९३७ मध्ये, त्याच राजवटीच्या कृपाछत्राखाली चालणाऱ्या व्हेनिसच्या महोत्सवात, पुण्याच्या प्रभातचा ‘संत तुकाराम’ गौरवला गेला. दामले-फत्तेलालांचा हा चित्रपट देहूच्या मातीतला, गरिबाघरचा. त्यातली जिजाई म्हैस आणि पोरं सांभाळत नवऱ्याशी कडाकडा भांडते. म्हणजे गरिबी, कर्कशा बाई, गावठी बोली, हे सारं पडद्यावर चालत होतं. फक्त ते लांबच्या देशाचं असायला हवं होतं. परक्याची बोली कौतुकाची आणि शेजारच्या गल्लीतली बोली लाजेची, हा हिशेब फक्त हुकूमशहाच मांडतात असं नाही. चांगली, सुसंस्कृत माणसंही तो मांडतात. ‘संत तुकाराम’चा अभिमान मला आहेच. पण तो गौरव आठवताना ज्या बाईची चित्रं तोवर बंद पडली होती तिची आठवणही यायला हवी.

नोतारींचे चित्रपट आणखी एका ठिकाणी चालायचे आणि तो भाग मला सगळ्यांत जास्त हलवतो. १८८० ते १९१५ या काळात इटलीतून सुमारे १ कोटी ३० लाख माणसं देश सोडून गेली. त्यांतली फार मोठी संख्या दक्षिणेकडची, आणि तिचा मोठा लोंढा न्यूयॉर्कला उतरला. दोरा फिल्मनं न्यूयॉर्कमध्ये शाखा काढली. नेपल्सचे चित्रपट जहाजातून तिकडे जात आणि तिथल्या वस्त्यांतल्या थिएटरांत गायकासह चालत. एवढंच नाही, तिकडे कष्ट करणारी माणसं पैसे गोळा करून कंपनीला सांगत, आमच्या गावी जा, आमचा चौक, आमचं चर्च, आमची माणसं चित्रित करून पाठवा. आखातात गेलेल्या लेकरानं व्हिडिओ कॉलवर अंगणातलं फणसाचं झाड दाखवायला सांगावं, तसंच हे. चित्रपट हा धंदा खरा, पण या रिळांचं मोल तिकीटबारीवर मोजता येत नाही. कलेच्या इतिहासातही त्यांना जागा मिळाली नाही, कारण त्यांत ‘कला’ शोधणाऱ्याला काही सापडलं नसतं. आणि आज एखाद्या इतिहासकाराला त्या काळच्या दक्षिण इटलीतलं एखादं साधं गाव हलताना बघायचं असेल, तर त्याला नेमकं हेच हवं आहे.

१९३० मध्ये कंपनी बंद झाली. बोलपट आला, त्याचा खर्च घरगुती कंपनीला पेलणारा नव्हता आणि सेन्सॉरचा जाच होताच. एल्विरा कावा दे तिरेनीला जाऊन राहिल्या.

१९४५ मध्ये दिग्दर्शक रोसेलिनीचा ‘रोमा, चित्ता आपेर्ता’ आला आणि जगानं म्हटलं की इटलीनं चित्रपट रस्त्यावर आणला, साध्या माणसांना पडद्यावर आणलं. नववास्तववादाचे पूर्वज शोधण्याचं काम सुरू झालं. समीक्षकांनी १९१४ च्या ‘स्पेर्दूती नेल बुइयो’चं नाव घेतलं, जो नेपल्सच्याच गरीब वस्तीत घडतो आणि ज्याची प्रत युद्धात नाहीशी झाली. १९१५ च्या ‘आस्सुन्ता स्पिना’चंही नाव घेतलं. ही नावं रास्त आहेत. पण त्याच शहरात, त्याच गल्ल्यांत वीसेक वर्षं कॅमेरा घेऊन फिरलेल्या, बिगर-नटांना उभं करणाऱ्या, साठ चित्रपट केलेल्या बाईचं नाव त्या यादीत बरीच दशकं नव्हतं. नाव आलंच तर नवऱ्याचं येई, कारण घरचा धंदा म्हणजे पुरुषाचा धंदा आणि बाई मदतीला, हे सगळे गृहीत धरून चालत. एल्विरा १७ डिसेंबर १९४६ रोजी वारल्या. त्यांच्या कामाचा नीट शोध घेतला जायला आणखी तीस-चाळीस वर्षं जावी लागली, आणि तोवर शोधायला फारसं उरलेलं नव्हतं.

माझं म्हणणं एवढंच आहे: चित्रपटांच्या सार्वजनिक संग्रहालयानं ‘उत्तम’ निवडू नये. उत्तम काय ते ठरवण्याची त्याची ना ताकद आहे, ना तो त्याचा अधिकार. १९२५ मधला सर्वांत जाणता रोमन समीक्षक नोतारींच्या डब्यांपुढे उभा केला असता तर त्यानं ते फेकून द्या असंच सांगितलं असतं, आणि त्यात त्याला जराही अपराधी वाटलं नसतं. त्याच्या काळाची रुची तीच होती. आपल्याही काळाची एक रुची आहे आणि तीही तितकीच आंधळी असणार. पैसे कमी आहेत, जागा कमी आहे, सगळं कसं ठेवणार, हा प्रश्न खरा आहे. पण पैसे कमी असतील तर ते आधी कुठे जावेत? गाजलेल्या चित्रपटाला कंपनी असते, वारस असतात, वाहिन्या असतात. बाजारच त्याच्या चार प्रती सांभाळतो. ज्याला वाली नाही त्याच्यासाठीच तर सरकारी तिजोरी असते. कमी पैसा हे दुर्लक्षित बोलीतल्या चित्रपटाला रांगेत मागे ढकलण्याचं कारण होऊ शकत नाही, उलट पुढे घेण्याचं कारण आहे.

हे पुण्यात कुणी केलं नव्हतं असं नाही. १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभं राहिलं आणि पी. के. नायर यांनी आयुष्य घालून हजारो चित्रपट गोळा केले. त्यांची भूमिका स्वच्छ होती: संग्राहकानं चांगलं-वाईट करू नये, मिळेल ते आत घ्यावं. फाळक्यांच्या उरलेल्या फिती आज दिसतात त्या या वृत्तीमुळे. तरीही उशीर झालाच होता. बाबूराव पेंटर यांचा मूक ‘सावकारी पाश’ (१९२५), शेतकऱ्याच्या कर्जाची गोष्ट सांगणारा, आज नाही. १९२६ मध्ये मुंबईत ‘बुलबुल-ए-परिस्तान’ करणाऱ्या फातमा बेगम भारतातल्या पहिल्या स्त्री दिग्दर्शक, नोतारींच्या समकालीन. त्यांचाही तो चित्रपट उरलेला नाही. म्हणून मी इटलीकडे बोट दाखवून इथलं झाकत नाही.

आणि जे आत्ता जातंय त्याचं काय? खानदेशात अहिराणी बोलणाऱ्या लोकांनी लग्नाच्या व्हिडिओ कॅमेऱ्यावर विनोदी चित्रपट केले, त्यांच्या सीड्या बाजारात विकल्या गेल्या. गोव्यात तियात्रांच्या, म्हणजे तिथल्या कोंकणी नाटकांच्या, सीड्या निघाल्या आणि आखातातल्या, लंडनजवळच्या गोंयकारांच्या घरी पोचल्या. मालवणीत, झाडीबोलीत दंडारी आणि नाटकांची चित्रणं झाली. शहरात बसून यांना हसणारे पुष्कळ भेटतात. अभिनय भडक, कॅमेरा हलतो, विनोद हलके. यांतला प्रत्येक शेरा नोतारींवरही मारता येईल, आणि कदाचित मारलाही गेला असेल. सीडीवरचा थर पंधरा-वीस वर्षांत सुटू शकतो. नायट्रेटला निदान आग लागून बातमी होते. ही चकती कपाटातच आंधळी होते आणि कुणाला कळतही नाही.

जिल्ह्याजिल्ह्यातल्या महाविद्यालयांना आणि वाचनालयांना हे काम देता येईल. त्याला नायट्रेटच्या थंड तिजोऱ्या लागत नाहीत, एक संगणक, दोन डिस्क आणि घरोघरी जाणारी दोन पोरं पुरतात. चित्रपट घ्यावा तो आहे त्या भाषेत, पाट्या आणि शीर्षकं न सुधारता. त्याबरोबर तो कुठे चालला, कुणी विकत घेतला, गाणं कुणी म्हटलं, हे विचारून लिहून घ्यावं, कारण नोतारींच्या पडद्याशेजारचा गायक गेला तसा हा तपशील सगळ्यांत आधी जातो. आणि वहीत ‘घरच्यांनी मदत केली’ असं लिहून पुढे जाऊ नये. कपडे कुणी शिवले, पटकथा कुणी लिहिली, शूटिंगच्या दिवशी नटांना ओरडून कुणी शिकवलं, हे त्या घरातल्या बायकांना समोर बसवून विचारावं आणि त्यांची पूर्ण नावं लिहावीत.